प्रेशर कुकरचा स्फोट, सव्वा वर्षानंतरची शस्त्रक्रिया आणि कोडमधले सातवे अक्षर

मेधा_पुणे

नमस्कार मंडळी. मी पुण्यात राहून अमेरिकी रुग्णालयांच्या नोंदींचे मेडिकल कोडिंग करते, म्हणजे नोंदीतले आजार, इजा आणि त्यांची कारणे ठराविक कोडांत मांडते. आमच्या टीममध्ये एका चार्टवरून तीन तट पडले आहेत, म्हणून तो प्रश्न इथे मांडते. रुग्णाची ओळख पटणार नाही अशा बेताने तपशील बदलले आहेत.

साधारण सव्वा वर्षापूर्वी घरात स्वयंपाक करताना प्रेशर कुकरचा स्फोट झाला. रुग्ण बाईंचा उजवा तळहात थर्ड डिग्री भाजला आणि उजव्या कानाचा पडदा फाटला. पुढे जखम पूर्ण भरली आणि पडदाही जुळून आला. आता त्या प्लास्टिक सर्जनकडे आल्या आहेत, कारण भाजल्याच्या व्रणाने तळहात आखडला असून बोटे पूर्ण उघडत नाहीत. व्रण सोडवून त्वचारोपण करायचे ठरले आहे. त्याच नोंदीत उजव्या कानात सतत आवाज येत असल्याचाही उल्लेख आहे.

एकाचे मत असे की शस्त्रक्रिया म्हणजे सक्रिय उपचार, म्हणून इजेच्या कोडला शेवटी, सातव्या जागी, 'ए' लागेल. दुसरा म्हणतो की हा जुन्या दुखण्याचा पाठपुरावा आहे, म्हणून 'डी'. माझा कल 'एस'कडे, म्हणजे सिक्वेलाकडे (जुन्या इजेतून मागाहून झालेल्या परिणामाकडे) आहे. स्फोटाचा डब्ल्यू३८ हा कोड आता द्यायचा की नाही, आणि दिल्यास स्वयंपाकघर व स्वयंपाक यांचे कोडही सोबत द्यायचे का, यावरही एकमत नाही. जाणकारांनी कारणांसह लिहावे.

अटलांटिक_पार

मेधाताई, तुमचा कल योग्य आहे. आयसीडी-१०-सीएमच्या, म्हणजे अमेरिकेत वापरल्या जाणाऱ्या कोडयादीच्या, अधिकृत मार्गदर्शक सूचनांमध्ये सिक्वेला समजावताना भाजल्यानंतरच्या व्रणाचेच उदाहरण दिलेले आहे, त्यामुळे इथे वादाला फारशी जागा नाही.

'ए' म्हणणाऱ्यांची गल्लत अशी होते की ते 'सक्रिय उपचार' हे शब्द आजच्या शस्त्रक्रियेला लावतात. सातवे अक्षर मूळ इजेबद्दल बोलते. भाजलेल्या जागेवर आज उपचार चालू आहेत का? नाहीत, ती जागा भरली. शस्त्रक्रिया होते आहे ती त्या भाजण्यातून मागाहून निर्माण झालेल्या व्रणावर.

क्रम असा लागेल: पहिल्यांदा आजची व्याधी, म्हणजे व्रणासाठी एल९०.५. त्यानंतर मूळ इजा, म्हणजे उजव्या तळहाताचे थर्ड डिग्री भाजणे, टी२३.३५१एस. शेवटी बाह्य कारण, डब्ल्यू३८.एक्सएक्सएक्सएस. 'एस' हे अक्षर इजेच्या आणि कारणाच्या कोडला लागते. व्रणाच्या कोडला ते लागत नाही. डब्ल्यू३८ हा मुळात तीनच अक्षरांचा कोड आहे आणि 'एस' सातव्याच जागी बसायला हवे, म्हणून मधल्या तीन रिकाम्या जागा एक्सने भरतात. त्या न भरता दिलेला कोड अवैध ठरून परत येतो.

स्वयंपाकघरासाठीचा वाय९२.०१० आणि स्वयंपाक करण्याच्या क्रियेचा वाय९३.जी३ हे कोड पहिल्या उपचाराच्या वेळी एकदाच द्यायचे असतात, त्यामुळे आता ते येणार नाहीत. बाह्य कारणाचा कोड कधीही पहिल्या क्रमांकावर येत नाही, हेही नव्या मंडळींनी लक्षात ठेवावे. देशपातळीवर हे कोड सक्तीचे नाहीत. काही राज्ये आणि काही विमा कंपन्या ते मागतात. तरीही मी ते नेहमी देतो, आणि त्याचे कारण पुढे कोणी विचारले तर लिहीन.

शिट्टीमास्तर

किती शिट्ट्यांनंतर स्फोट झाला, यासाठी वेगळा कोड नसावा याचे आश्चर्य वाटले. सायकलच्या टायरच्या स्फोटाला मात्र आहे म्हणे.

अटलांटिक_पार

आहे, शिट्टीमास्तर. डब्ल्यू३७.० हा सायकलच्या टायरचा. ट्रकचा टायर, पाइप आणि नळी यांचा मिळून डब्ल्यू३७.८. बॉयलर डब्ल्यू३५ मध्ये, तर गॅस सिलिंडर, एअर टँक आणि स्प्रेचे डबे डब्ल्यू३६ मध्ये येतात. उरलेली दाबाखालची उपकरणे डब्ल्यू३८ मध्ये जातात, आणि आपला कुकर त्यातच मोडतो. जुन्या आयसीडी-९ मध्ये हे सगळे ई९२१ या एका घराखाली नांदत होते. १ ऑक्टोबर २०१५ पासून अमेरिकेत त्यांचे संसार वेगळे झाले.

कोड_नवखा

मी नुकतेच प्रशिक्षण पूर्ण केले आहे. 'डी' आणि 'एस' यांतली रेषा नेमकी कुठे आखायची? भाजल्यानंतर सहा महिन्यांनी कोणी फिजिओथेरपीला आले तर काय लावायचे? काही ठराविक मुदत आहे का?

व्रणवैद्य

मी प्लास्टिक सर्जन आहे. कोडिंग माझे क्षेत्र नाही, परंतु हाताखालून भाजलेले रुग्ण सतत जातात, म्हणून वैद्यकीय बाजू मांडतो.

भाजल्याची जखम बंद झाली म्हणजे प्रकरण संपले असे रुग्णालाच काय, कधीकधी डॉक्टरलाही वाटते. खरे तर त्वचेखालचे काम त्यानंतर सुरू होते. व्रण आधी लाल, कडक आणि उंच होतो, आकसतो, आणि मग हळूहळू मऊ व फिका पडत जातो. या प्रक्रियेला वर्ष, दीड वर्ष आणि पुष्कळदा त्याहून अधिक काळ लागतो. या काळात दाबपट्टे, सिलिकॉन जेल, स्प्लिंट आणि व्यायाम यांवर आमचा भर असतो. एवढे करूनही बोटे मिटलेलीच राहिली तर व्रण सोडवावा लागतो. तळहाताच्या बाबतीत हे विशेष त्रासदायक ठरते, कारण तिथली त्वचा जाड आणि खाली घट्ट बांधलेली असते, तिच्यासारखी त्वचा शरीरावर दुसरीकडे फक्त तळपायाला असते, आणि हात दिवसभर वापरात असतो.

आता रेषेचा प्रश्न. जखम भरत असताना तिची देखभाल म्हणून व्यायाम चालू असतील आणि आखडणे हे निदान कुणी लिहिलेले नसेल, तर तो बरे होण्याच्या टप्प्याचाच भाग आहे. ज्या दिवशी मी कागदावर 'भाजल्याच्या व्रणामुळे आखडलेला तळहात' असे लिहितो, त्या दिवशी रुग्णाची व्याधी बदलते. ही रेषा दिनदर्शिकेवरून आखता येत नाही, निदानावरूनच आखावी लागते.

अटलांटिक_पार

डॉक्टरसाहेब, नियमही हेच म्हणतो. सिक्वेलाचा कोड वापरण्याला कालमर्यादा नाही, आणि दीर्घकालीन परिणाम नोंदलेला नसताना नुसत्या पाठपुराव्याच्या किंवा फिजिओथेरपीच्या भेटीला बाह्य कारणाचा 'एस' लावू नये, असे स्पष्ट लिहिले आहे. कोड_नवखा, तुमच्या उदाहरणात नोंदीत आखडल्याचा उल्लेख नसेल तर 'डी', असेल तर 'एस'. आणि इजेच्या पुढच्या देखभालीसाठी झेडने सुरू होणाऱ्या कोडांकडे वळू नका. तिथे मूळ इजेचा कोड 'डी' लावूनच द्यायचा असतो.

व्रणवैद्य

कालमर्यादा नाही या मुद्द्याला जोडून एक गोष्ट. जुन्या भाजलेल्या व्रणात, विशेषतः जो वारंवार फुटतो आणि नीट भरत नाही अशा व्रणात, पुष्कळ वर्षांनी, कधी काही दशकांनी, त्वचेचा कर्करोग होऊ शकतो. त्याला मार्जोलिन अल्सर म्हणतात. बालपणी भाजलेला माणूस पन्नाशीत ही गाठ घेऊन येतो आणि बालपणीचा अपघात त्याच्या कागदांत कुठेच नसतो. अशा वेळी कर्करोगाच्या कोडामागे भाजण्याचा 'एस' असेल, तर निदान पुढच्या डॉक्टरला दुवा मिळतो.

वेगळा_सूर

इथे सगळे फार लवकर एकमत झाले, म्हणून थोडे आडवे बोलतो.

पहिला मुद्दा असा की एल९०.५ हा कोड त्वचेच्या व्रणाचा आहे. बोटे उघडत नसतील तर तो सांध्याचा आखडलेपणा आहे, आणि त्यासाठी एम२४.५४१ उपलब्ध आहे. शस्त्रक्रिया हालचाल परत आणण्यासाठी होते आहे, व्रण सुंदर दिसावा म्हणून नव्हे.

दुसरा मुद्दा अधिक गुंतागुंतीचा आहे. मार्गदर्शक सूचनांच्या भाजण्याविषयीच्या प्रकरणात म्हटले आहे की एकाच नोंदीत चालू भाजणे 'ए' किंवा 'डी'सह आणि जुन्या भाजण्याचा परिणाम 'एस'सह असे दोन्ही देता येतात. बाह्य कारणांच्या प्रकरणात मात्र बजावले आहे की संबंधित चालू इजेच्या कोडासोबत बाह्य कारणाचा 'एस' कधीही देऊ नये. समजा, याच रुग्णाच्या मनगटाजवळ एक छोटी जागा अजून भरलेली नाही. न भरलेले भाजणे हे चालू भाजणेच धरायचे असते. मग तळहाताला 'एस', मनगटाला 'डी', आणि स्फोट एकच! डब्ल्यू३८ ला कोणते अक्षर लावणार?

अटलांटिक_पार

दुसरा मुद्दा चोख आहे. अशा मिश्र नोंदीत मी चालू इजेच्या बाजूने जातो, म्हणजे डब्ल्यू३८.एक्सएक्सएक्सडी देतो आणि बाह्य कारणाचा 'एस' देत नाही, कारण मनाई स्पष्ट शब्दांत आहे आणि इजेच्या कोडांतला 'एस' दीर्घकालीन परिणामाची गोष्ट तसाही सांगतोच. काही कार्यालयांत याबाबत स्वतःचे लेखी धोरण असते. तिथे ते पाळावे. मेधाताईंच्या चार्टमध्ये मात्र सगळी जखम भरलेली असल्याने हा पेच उद्भवत नाही.

पहिल्या मुद्द्याशी मी सहमत नाही. कोडयादीच्या निर्देशांकात, म्हणजे अकारविल्हे सूचीत, भाजल्यामुळे आलेल्या आखडलेपणाखाली व्रणाकडेच जाण्याची सूचना आहे. त्वचा आखूड झाल्यामुळे बोट उघडत नसेल तर दोष त्वचेचा. सांध्याचे आवरणच आखडले आहे असे डॉक्टरांनी वेगळे लिहिले, तरच एम२४.५४१.

व्रणवैद्य

वैद्यकीयदृष्ट्याही हा फरक खरा आहे. व्रण सोडवल्याबरोबर टेबलावरच बोट सरळ झाले तर सांधा चांगला होता असे समजावे. त्वचा मोकळी करूनही बोट अडते तेव्हा सांधा धरलेला असतो, आणि ते शस्त्रक्रियेच्या टिपणात लिहिलेले असते. तेव्हा मेधाताई, शस्त्रक्रियेपूर्वीच्या नोंदीवरून सांध्याचा कोड देण्याची घाई करू नये.

बाष्पक

मी बॉयलरच्या देखभालीत काम करणारा अभियंता आहे. इथल्या चर्चेत 'स्फोट' हा शब्द गृहीत धरला जातो आहे, त्यावर थोडे बोलणे आवश्यक वाटते.

घरगुती कुकर वातावरणाच्या दाबावर साधारण एक किलो प्रति चौरस सेंटिमीटर इतक्या जादा दाबाने चालतो, म्हणून आतले पाणी जवळपास १२० अंश सेल्सिअसपर्यंत पोहोचते. झाकण अचानक सुटले की दाब एकदम वातावरणाइतका होतो आणि १०० अंशांच्या वरची उष्णता क्षणात पाण्याची वाफ करते. हिशेब केला तर जेमतेम चार टक्के पाण्याचीच वाफ होते, परंतु एक लिटर पाण्यामागे ती साठेक लिटर जागा मागते. हीच वाफ उरलेले उकळते वरण छतापर्यंत फेकते.

हे घडण्याचे मार्ग दोन. एकात वाफेची नळी अन्नाच्या फेसाने किंवा सालपटाने बुजते, सेफ्टी व्हॉल्व्ह वितळत नाही कारण तो हलक्या प्रतीचा किंवा भलत्याच मापाचा बसवलेला असतो, आणि शेवटी भांडे किंवा झाकण दगा देते. दुसऱ्यात काहीच फुटत नाही. माणूस आत दाब असताना झाकण फिरवून उघडतो. आतून बसणाऱ्या झाकणात हे जवळपास अशक्य असते, कारण दाबच ते झाकण कडेवर घट्ट धरून ठेवतो. बाहेरून अडकणाऱ्या झाकणाची खाच झिजली किंवा लॉक सदोष निघाले, तर ते शक्य होते. अमेरिकेत २०२३ साली झाकण दाबाखाली उघडते या कारणावरूनच लाखो कुकर बाजारातून परत मागवले गेले. आपल्याकडे आयएस २३४७ हे मानक जुने आहे, आणि २०२१ पासून आयएसआय चिन्ह नसलेला घरगुती कुकर विकण्यास मनाई आहे.

आता कोडिंगवाल्यांना माझा प्रश्न. दुसऱ्या प्रकारातल्या अपघाताला तुम्ही 'स्फोट आणि फुटणे' म्हणता का?

वेगळा_सूर

मी म्हणणार नाही. नोंदीत 'कुकर उघडताना वाफेने भाजले' असे असेल तर ते वाफेशी संपर्क, म्हणजे एक्स१३. अन्न उडून भाजले असेल तर एक्स१०. उपकरण फुटल्याचा किंवा स्फोटाचा उल्लेख असल्याशिवाय डब्ल्यू३८ देणे म्हणजे कोडरने स्वतः पंचनामा करणे झाले.

अटलांटिक_पार

मान्य, एका पुरवणीसह. डॉक्टरांनी 'प्रेशर कुकरचा स्फोट' असे शब्द लिहिले असतील तर आपण यंत्रशास्त्राचा आधार घेऊन ते नाकारायचे नाहीत. निर्देशांकात स्फोटाखाली कुकर सापडतो आणि तो डब्ल्यू३८ कडेच नेतो. टिपण संदिग्ध असेल तर डॉक्टरांना क्वेरी, म्हणजे खुलाशासाठी प्रश्न, पाठवावी.

दफ्तर_कोल्हापूर

मी इथल्या एका रुग्णालयाच्या मेडिकल रेकॉर्ड विभागात आहे. आमच्याकडे जागतिक आरोग्य संघटनेची मूळ आयसीडी-१० वापरली जाते, आणि अमेरिकी कामाचा अनुभव घेऊन आलेली मुले इथे हमखास अडखळतात, म्हणून हे लिहितो.

मूळ आवृत्तीत ए, डी, एस ही सातवी अक्षरे नाहीत. दीर्घकालीन परिणामांसाठी स्वतंत्र गट आहेत: इजांच्या परिणामांसाठी टी९० ते टी९८, आणि बाह्य कारणांच्या परिणामांसाठी वाय८५ ते वाय८९. मेधाताईंचा रुग्ण आमच्याकडे आला असता तर मुख्य कोड व्रणाचा, जोडीला हवा असल्यास टी९५.२, म्हणजे हाताच्या भाजण्याचे परिणाम, आणि कारण म्हणून वाय८६, म्हणजे 'इतर अपघातांचे परिणाम'.

दुसरा सापळा चौथ्या अंकाचा आहे. आमच्याकडे डब्ल्यू गटात चौथा अंक अपघाताची जागा सांगतो: ० म्हणजे घर, ४ म्हणजे रस्ता, ६ म्हणजे कारखाना किंवा बांधकाम. अमेरिकी आवृत्तीत तोच अंक वस्तू सांगतो. त्यामुळे डब्ल्यू३६.१ हा कोड तिथे स्प्रेच्या डब्याचा स्फोट ठरतो, तर इथे वसतिगृह किंवा वृद्धाश्रमासारख्या निवासी संस्थेतला सिलिंडरचा स्फोट ठरतो. शिट्टीमास्तरांची सायकलही इथे येताच घरात शिरते, कारण आमच्याकडे डब्ल्यू३७.० म्हणजे घरातला टायर, पाइप किंवा नळीचा स्फोट. दोन्ही कोड सॉफ्टवेअर आनंदाने स्वीकारते, म्हणून चूक कुणाच्या नजरेस येत नाही.

अटलांटिक_पार

दफ्तरसाहेबांनी वाय८६ चा उल्लेख केला आणि मी वर राखून ठेवलेले कारण सांगण्याची वेळ आली. वाय८६ मध्ये कुकर, बॉयलर, जिन्यावरून पडणे आणि विजेचा धक्का हे सगळे एकत्र होते. दोन वर्षांनी आखडलेला हात घेऊन आलेला माणूस कशामुळे तिथवर पोहोचला, हे त्या कोडातून परत काढता येत नाही. डब्ल्यू३८ ला लागलेल्या 'एस'मध्ये उपकरण शिल्लक राहते. सदोष झाकणांमुळे किती लोकांना पहिल्या रात्री टाके पडले एवढेच नव्हे, तर किती लोकांचा हात कायमचा अधू झाला, हे कधी मोजायचे झालेच, तर ते या ऐच्छिक कोडातूनच मोजता येईल. म्हणून तो देण्याचे दहा सेकंदांचे कष्ट मी घेतो.

आकडेमोडे

मृत्यूच्या नोंदींबाबत एक भर घालतो, कारण तिथे काळाचा नियम वेगळा आहे. मृत्यूच्या कारणाच्या वैद्यकीय दाखल्यावर, म्हणजे नमुना ४ किंवा ४अ वर, जे लिहिले जाते त्याचे कोडिंग जागतिक संघटनेच्या आयसीडी-१० नुसार होते. तिथे 'परिणाम' म्हणून स्पष्ट लिहिलेले असेल, किंवा मूळ घटनेला एक वर्ष वा अधिक उलटून गेल्यावर तिच्या उशिरा दिसलेल्या परिणामातून मृत्यू झाला असेल, तर वाय८५ ते वाय८९ हा गट लागतो. मेधाताईंच्या जगात मुदत नाही आणि माझ्या जगात आहे, त्यामुळे एका जगातला नियम दुसऱ्यात नेऊ नये.

बहुतेक वेळा मात्र आमच्यापर्यंत नियम लावण्याइतका मजकूरच येत नाही. दाखल्यावर 'सेप्टिसीमिया' एवढेच असते. बॉयलरचा अपघात डॉक्टरांना ठाऊक असतो, नातेवाइकांना ठाऊक असतो, फक्त कागदाला ठाऊक नसतो.

विदर्भ_वाचक

सिलिंडरचे काय? आमच्याकडे दर काही दिवसांनी 'सिलिंडरचा स्फोट' अशी बातमी असते आणि छायाचित्रात सिलिंडर कोपऱ्यात धडधाकट उभा दिसतो.

बाष्पक

आपले निरीक्षण अगदी बरोबर आहे. घरगुती १४.२ किलोच्या सिलिंडरची टाकी सहसा आपण होऊन फुटत नाही. रबरी नळी, रेग्युलेटर किंवा व्हॉल्व्हच्या वॉशरमधून गॅस गळतो, हवेपेक्षा जड असल्याने जमिनीलगत साचतो, आणि दिव्याच्या बटणाच्या किंवा फ्रिजच्या ठिणगीने पेटतो. भिंत पडते ती या पेटलेल्या वायूमुळे. टाकी खरोखर फुटते ती बहुधा आगीत तापल्यावर, आणि तो प्रकार फार भयंकर असतो.

वेगळा_सूर

आणि अमेरिकी कोडिंगमध्ये हे दोन वेगळे कोड आहेत. टाकी फुटली तर डब्ल्यू३६, गळलेला वायू पेटून स्फोट झाला तर डब्ल्यू४०.१. दीर्घकालीन परिणामांतही हा फरक दिसतो: पेटलेल्या वायूत चेहरा, हात आणि श्वासमार्ग भाजतात, तर फुटलेल्या टाकीचे तुकडे हाडे मोडतात आणि डोळे घेतात. बातमीतला शब्द जसाच्या तसा उचलून कोड दिला तर दोन वेगळे अपघात एकाच रांगेत उभे राहतात.

कानसेन

नाव विनोदी असले तरी व्यवसायाने कान-नाक-घसा तज्ज्ञ आहे. सगळे हाताकडे बघत असल्याने मेधाताईंनी विचारलेला कान मागे पडला.

दाबलहरीला सर्वांत लवकर बळी पडणारा अवयव म्हणजे कानाचा पडदा. वाऱ्याचा साधारण पाच पौंड प्रति चौरस इंच इतका धक्का तो फाडायला पुरतो असे मानतात. गंमत अशी की पडदा पुष्कळदा आपोआप जुळतो आणि रुग्णाला वाटते की कान बरा झाला. आतल्या शंखातल्या केसपेशी मात्र पुन्हा उगवत नाहीत. सतत येणारा आवाज आणि उंच स्वरांचे कमी ऐकू येणे हे तिथले नुकसान असते, पडद्याचे नव्हे. म्हणून फाटलेल्या पडद्याचा एस०९.२१एक्सएस हा कोड आवाजाच्या तक्रारीमागे लावणे वैद्यकीयदृष्ट्या मला पटत नाही. स्फोटामुळे कानाला झालेल्या थेट इजेसाठी काही वेगळी सोय आहे का?

मेधा_पुणे

आहे, डॉक्टर. एस०९.३११ हा उजव्या कानाच्या प्राथमिक स्फोटइजेचा कोड आहे, आणि 'एस' थेट त्यापुढे सातव्या जागी बसतो. आवाजासाठी एच९३.११ आधी, एस०९.३११एस नंतर. परंतु आमच्या चार्टमध्ये आवाजाचा स्फोटाशी संबंध कुणी लिहिलेला नाही, आणि तो आपण गृहीत धरू शकत नाही. त्या सर्जनना आज क्वेरी पाठवते.

कानसेन

जरूर पाठवा. वय, आवाजाच्या ठिकाणची नोकरी, काही औषधे, अशी इतर कारणेही असतात. श्रवणचाचणीचा आलेख जोडलेला असेल तर उत्तर देणे सोपे जाईल.

क्लेमवाली

मी आरोग्य विम्याच्या दाव्यांचे काम पाहते, तेही भारतातल्या. आपल्याकडे दाव्याच्या अर्जात रुग्णालयाने भरायच्या भागात आयसीडी-१० साठी रकाने असतात, परंतु बाह्य कारणाचा कोड भरलेला मला क्वचितच दिसतो. याचा तोटा रुग्णाला होतो. सौंदर्यासाठीची प्लास्टिक सर्जरी पॉलिसीतून वगळलेली असते. मात्र अपघात, भाजणे किंवा कर्करोग यांनंतरची पुनर्रचना त्या वगळणुकीला अपवाद आहे. समोर आलेल्या कागदावर नुसते 'व्रणाची शस्त्रक्रिया, एल९०.५' असेल तर पहिली शंका सौंदर्योपचाराचीच येते आणि पत्रव्यवहार सुरू होतो. तेच 'अमुक महिन्यात प्रेशर कुकरच्या स्फोटात भाजल्यामुळे आखडलेला तळहात, हालचाल इतकी अंश कमी' असे लिहिले असते, तर पुष्कळ वेळ वाचला असता.

अपघात पॉलिसी घेण्याआधीचा असेल तर मात्र तो 'आधीपासूनचा आजार' या कलमात जाऊ शकतो, ज्याची प्रतीक्षा आता जास्तीत जास्त ३६ महिने आहे. म्हणून अपघाताची तारीख लपवू नका आणि गाळूही नका.

शांता_मिरज

मी कोडिंगमधली नाही. घरात असा एक रुग्ण आहे, भावाचा हात, काँप्रेसरच्या टाकीने गेलेला. आम्ही नातेवाइकांनी नेमके काय मागायचे असते? डॉक्टरांना 'कोड लिहा' असे सांगितले तर ते रागावतील.

क्लेमवाली

शांताताई, कोड मागू नका, वाक्य मागा. डिस्चार्ज कार्डवर आणि नंतरच्या प्रत्येक तपासणीच्या कागदावर तीन गोष्टी असाव्यात: आजची तक्रार, ती कोणत्या जुन्या इजेमुळे आहे, आणि ती इजा कोणत्या उपकरणाने, कधी, कुठे झाली. 'जुनी इजा' एवढेच लिहिलेले असेल तर विनंती करून पूर्ण करून घ्या. पहिल्या दिवसाच्या मेडिको-लीगल नोंदीची प्रत आणि छायाचित्रे जपून ठेवा. अपघात कामाच्या ठिकाणी झाला असेल तर तसे स्वच्छ लिहिलेले हवे, कारण नुकसानभरपाईचा मार्ग त्यावर ठरतो.

व्रणवैद्य

आणि शांताताई, राग येणार नाही. बाह्यरुग्ण विभागात पन्नास माणसे बाहेर उभी असताना हे वाक्य आमच्याकडून राहून जाते, एवढेच. अपंगत्वाच्या प्रमाणपत्रासाठी जाताना सांध्यांची हालचाल अंशांत मोजून लिहिलेला कागद सोबत असू द्या.

मेधा_पुणे

क्वेरीचे उत्तर आले, म्हणून धाग्याकडे परत. सर्जननी श्रवणचाचणीचा अहवाल पाहून आवाजाचा संबंध स्फोटाशी असल्याचे पुरवणी टिपणात लिहिले आहे. आखडणे त्वचेच्या व्रणामुळे असून सांधे मोकळे आहेत, असेही नमूद केले आहे, त्यामुळे एम२४.५४१ बाजूला ठेवला. अंतिम क्रम असा: एल९०.५, टी२३.३५१एस, एच९३.११, एस०९.३११एस, आणि शेवटी डब्ल्यू३८.एक्सएक्सएक्सएस. स्वयंपाकघर आणि स्वयंपाक यांचे कोड वगळले. 'ए'वाले सहकारी राजी झाले. 'डी'वाल्यांनी सूचनांची प्रत मागितली आहे.

वेगळा_सूर

एक किरकोळ विचारणा. डब्ल्यू३८ हात आणि कान या दोघांसाठी मिळून एकदाच दिला ना? काही ठिकाणी तो प्रत्येक इजेमागे पुन्हा देतात.

मेधा_पुणे

एकदाच. स्फोट एकच होता.